तिरका शिक्का आणि विमा कंपनीच्या कविता: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. जपानी कचेरीतल्या विनोदावरच्या माझ्या लेखावर सविस्तर लिहिलंत, बरं वाटलं. तुमचे आक्षेप दोन. जपानी कचेरीतल्या तिरक्या शिक्क्याचा प्रकार मी तिखटमीठ लावून सांगितला, हा पहिला. विमा कंपनी भरवते त्या सेनर्यूंच्या, म्हणजे छोट्या विनोदी कवितांच्या, स्पर्धेतल्या ओळींना उपहास कसं म्हणायचं, हा दुसरा.

शिक्क्याला तिखटमीठ लावायची गरजच नाही. मंजुरीच्या कागदावर, म्हणजे रिंगीशोवर, सहीऐवजी शिक्के मारायला चौकटींची रांग असते. बहुधा डावीकडे वरिष्ठ, उजवीकडे कनिष्ठ. कनिष्ठानं आपला शिक्का जरा डावीकडे कलता मारायचा, म्हणजे तो साहेबांच्या शिक्क्यापुढे वाकलेला दिसतो. ही रीत सगळीकडे नाही, बँका आणि वित्तसंस्थांत जास्त. पण शाचिहाता या शिक्के बनवणाऱ्या कंपनीच्या संगणकी मंजुरीतही शिक्का कलता करायची सोय आहे! विनोदी लेखकानं यापुढे काय रचायचं?

टॅक्सीचंही तेच. चालकाच्या मागची जागा सर्वांत मानाची, त्याच्या शेजारची सर्वांत खालची. पत्ता सांगायचा आणि पैसे चुकते करायचे ते तिथे बसणाऱ्यानं. मात्र यजमान स्वतः गाडी चालवत असेल तर शेजारची जागा मानाची ठरते. पाठ केलेला नियम इथे नवख्याला तोंडघशी पाडतो. जपानी कचेरीतला विनोद बंडखोरांचा कमी, असा नियम मन लावून पाळणाऱ्यांचा जास्त.

आता स्पर्धा. दाइइची लाइफ ही विमा कंपनी ती १९८७ पासून भरवते. आधी शंभर रचना निवडतात, त्यांतल्या वरच्या दहा लोकांच्या मतांनी ठरतात. लिहिणारे टोपणनावानं लिहितात, तरी मालकाला सहसा कुणी चावत नाही. चिमटा बहुतेकदा स्वतःलाच, नाहीतर नवं यंत्र हाताळताना गडबडणाऱ्या साहेबांना. इथवर तुमचं म्हणणं मान्य. पण 'यात निसर्ग कुठे, काव्य कुठे' हे तुमचं विचारणं काही पटत नाही. शिरीष पैंमुळे आपल्याला हायकू ठाऊक झाला, आणि त्याचं माप आपण सेनर्यूला लावतो. साचा तोच, ५-७-५ अक्षरांचा. पण सेनर्यूत ऋतूचा शब्द लागत नाही, विषय माणसाची फजिती.

दात असलेला उपहासच हवा तर १९६२ चा 'निप्पॉन मुसेकिनिन जिदाई' हा जपानी चित्रपट पाहा. हितोशी उएकीचा नायक थापा मारत, खुशामत करत वर चढतो आणि शेवटी कंपनीचा अध्यक्ष होतो. तो चित्रपटही तोहोसारख्या बड्या कंपनीनंच काढला होता, हे तुमच्या दुसऱ्या आक्षेपाला उत्तर म्हणून धरा.