पहिल्या रात्रीबद्दल तुम्ही लिहिलंत, त्याला उत्तर

नमस्कार ताई,

आमच्या डोळ्यांच्या रुग्णालयाला तुम्ही दिलेले दोन तारे आणि त्याखालचा मजकूर तीनदा वाचला. रिसेप्शनवरच्या मुलीने 'आपल्या अभिप्रायाबद्दल आभारी आहोत' छापाचं उत्तर लिहून आणलं होतं, ते मी जाऊ दिलं नाही. हे रुग्णालय चालवणारा आणि तुमचं ऑपरेशन करणारा माणूस एकच आहे, तेव्हा उत्तरही त्यानेच द्यावं.

आधी एक सांगतो. तुमच्या चष्म्याचा नंबर किती होता, तपासणीत काय दिसलं, हे मी इथे लिहिणार नाही. फाइल तुमची आहे. तुम्ही स्वतः जेवढं उघड केलंत तेवढ्यावरच बोलतो.

मूळ तक्रार ज्यांनी वाचली नसेल त्यांच्यासाठी: लेसिक, म्हणजे चष्मा घालवायचं लेसर ऑपरेशन झालं, चष्मा गेला, त्याबद्दल ताईंचं काही म्हणणं नाही. पण पहिली रात्र वाईट गेली. डोळ्यांची आग आग होत होती. सुन्न करणारे थेंब घरी न्यायला मागितले, आम्ही दिले नाहीत. झोपेची गोळी मागितली, तीही नाही, म्हणून त्यांनी घरातली सर्दीची गोळी घेतली. मध्यरात्री लाइट गेली, कूलर बंद पडला आणि सोलापुरातल्या मे महिन्यात करतात तेच त्यांनी केलं, सगळे गच्चीवर झोपायला गेले. अडीचच्या सुमारास शेजारी झोपलेल्या तीन वर्षांच्या लेकीचा हात उजव्या डोळ्यावर बसला. झोपताना डोळ्यावर चिकटवायला दिलेली प्लास्टिकची वाटी तोवर सुटून उशीखाली गेली होती. फाइलवरच्या इमर्जन्सी नंबरवर चार वेळा फोन केला, कुणी उचलला नाही. सकाळी मी तपासलं, 'फ्लॅप (म्हणजे ऑपरेशनमध्ये उचलून परत बसवलेला पापुद्रा) जागेवर आहे, काळजी नको' म्हणालो आणि दोन मिनिटांत पुढच्या पेशंटकडे वळलो. शेवटी त्यांनी लिहिलंय की पुण्याच्या मैत्रिणीला असली वाटी लावावीच लागली नव्हती, म्हणजे हे बिल वाढवायचं नाटक.

फोनचं खरं आहे. तो काउंटरचा मोबाइल. संध्याकाळी जो शेवटी निघतो तो घरी घेऊन जायचा, आणि त्या रात्री तो सायलेंटवर होता. पोराला बोललो मी, पण चूक त्याची नव्हे. बारा तास काउंटर सांभाळलेल्या माणसाच्या उशाशी रात्रीचा फोन ठेवणं ही माझी कंजुषी होती. आता रात्रीच्या फोनसाठी वेगळी सिस्टर आहे आणि तिने उचलला नाही तर तो आपोआप माझ्या मोबाइलवर येतो.

दुसरी चूक तुम्ही लिहिलेली नाही, पण तुमचं वाचताना मलाच दिसली. झोपताना काय करायचं याचा छापील कागद आम्ही देतो. कधी देतो? ऑपरेशन झाल्यावर, घरी सोडताना. म्हणजे ज्या बाईला समोर धुकं दिसतंय, डोळ्यांतून पाणी वाहतंय, उजेड सहन होत नाही, तिच्या हातात बारीक टाइपातला दोन पानी कागद. इतकी वर्षं हे करतोय आणि कुणाच्या डोक्यात आलं नाही. माझ्याही नाही. तो कागद आता ऑपरेशन ठरतं त्याच दिवशी मिळेल, ठळक अक्षरात, आणि सिस्टर तो घरच्या माणसाकडून मोठ्याने वाचून घेईल.

आता वाटीबद्दल. इथे मात्र मी तुमच्याशी सहमत नाही.

बुबुळावरचा पारदर्शक पडदा, म्हणजे कॉर्निया, मध्यभागी साधारण अर्ध्या मिलिमीटरहून जरासा जाड असतो. लेसिकमध्ये त्याचा वरचा 100 ते 120 मायक्रॉनचा पापुद्रा पुस्तकाचं पान उलटावं तसा बाजूला करतात, खाली लेसर मारून आकार बदलतात आणि पान पुन्हा मिटवतात. एक मिलिमीटरचे हजार भाग केले तर त्यातले शंभर-सव्वाशे, म्हणजे एवढीच त्याची जाडी. टाका नाही, गोंद नाही. कॉर्नियाच्या आतल्या थरातल्या पेशी सतत पाणी उपसत असतात, त्या ओढीने तो पापुद्रा बसून राहतो. कडेवरची त्वचा साधारण एका दिवसात भरून येते. आत घट्ट व्हायला मात्र फार वेळ लागतो, कारण कॉर्नियात रक्तवाहिन्याच नाहीत, आणि मूळची ताकद पुरती कधीच परत येत नाही. म्हणून पहिली रात्र सगळ्यात नाजूक. जागेपणी तुम्ही डोळा चोळणार नाही हो, पण झोपेतल्या हाताला कुणी सांगायचं? आणि लहान मुलाच्या नखाला तर कुणीच सांगू शकत नाही. पापुद्रा सरकला तर काही तासांत पुन्हा उचलून, धुऊन, सपाट बसवता येतो. जितका उशीर तितक्या त्यात चुण्या पक्क्या होतात. त्या रात्री तुमचा फोन न उचलला जाणं मला डाचतंय ते यासाठी. सगळं ठीक निघालं, पण त्यात आमचं कर्तृत्व काही नाही.

वाटीचं बिल लावलेलं नाही, औषधांच्या पिशवीतच असते ती. मैत्रिणीचं म्हणाल तर तिचं ऑपरेशन कोणतं होतं ते विचारा. स्माइल नावाचं लेसर ऑपरेशन असेल तर त्यात पापुद्रा उचलतच नाहीत, दोन-चार मिलिमीटरच्या छेदातून आतली चकती काढतात. पीआरके नावाचं असेल तर पहिले चार-पाच दिवस डोळ्यावर पट्टीसारखी कॉन्टॅक्ट लेन्स असते. लोक सगळ्यालाच 'लेसर' म्हणतात आणि मग तुलना करतात. शिवाय लेसिकमध्येही कुणी डॉक्टर तीन रात्री वाटी लावायला सांगतो, मी सात सांगतो. मी भित्रा आहे असं समजा.

तुमची वाटी कशामुळे निघाली, हे मात्र मी तुमच्या लिहिण्यावरून ओळखलं. 'तेल लावून डोकं शेकलं, मग झोपले.' कागदी चिकटपट्टी तेलकट कपाळावर तासभरही टिकत नाही, त्यातून गच्चीवरचा घाम. चेहरा ओल्या फडक्याने पुसून कोरडा करायचा, कपाळाला आणि गालाला त्या रात्री तेल, क्रीम काही नाही. रात्रीचे थेंब आधी घालायचे, दोन औषधांत पाच मिनिटं सोडून, आणि पांढरं औषध असलेली बाटली हलवून. मग पाच मिनिटं थांबून वाटी. तिची कड भुवईच्या आणि गालाच्या हाडावर टेकली पाहिजे, पापणीला कुठेही शिवता कामा नये. पट्टी कपाळाच्या मध्यापासून गालाकडे तिरकी, दोन आडव्या-उभ्या लावण्यापेक्षा दोन समांतर तिरक्या जास्त टिकतात. ज्यांना दाढी आहे त्यांनी आदल्या दिवशी गाल साफ करावा, नाहीतर सकाळी पट्टी मिशीला आणि वाटी मानेला सापडते. (एका नवरदेवाची सापडली होती.) सकाळी पट्टी काढताना ओढू नका, कोमट पाण्याने कड भिजवली की त्वचा सोलवटत नाही.

तुमच्या गच्चीबद्दल मी काय बोलू? त्या उकाड्यात घरात झोपा म्हणणाऱ्याला एसी असतो. पण वाऱ्याबरोबर धूळ येते, आणि कूलरचाही झोत थेट तोंडावर नको. झोपेत अश्रू तसेही कमी होतात. लेसरनंतर कॉर्नियातल्या नसा कापल्या गेल्यामुळे ते आणखी कमी होतात, बहुतेकांचं हे तीन ते सहा महिन्यांत सुधारतं. त्यातून काही माणसं पापण्या किंचित उघड्या ठेवून झोपतात, ते त्यांना स्वतःला ठाऊक नसतं, नवऱ्याला किंवा बायकोला असतं. आम्ही हा प्रश्न आता तपासणीतच विचारणार आहोत, आणि उत्तर जोडीदाराकडून घेणार. सकाळी पापणी आतून चिकटल्यासारखी वाटली तर झटक्याने उघडायची नाही. मिटल्या डोळ्याच्या कोपऱ्यात कृत्रिम अश्रूंचे दोन थेंब सोडायचे, क्षणभर थांबायचं, मग सावकाश.

सर्दीच्या गोळीने झोप येते हे खरं, पण ती नाक सुकवते तशी डोळेही सुकवते. तुम्हाला हे कुणी सांगितलं नव्हतं, ते सांगायला हवं होतं. झोपेच्या गोळीबाबत तुम्ही म्हणता ते मला थोडं पटलं. काही डॉक्टर पहिल्या रात्रीसाठी हलकी गोळी देतात. मी देत नाही, कारण गाढ झोपेत वाटी निघाल्याचं कळतच नाही असं मला वाटतं. पण मग नुसतं 'नाही' म्हणून पाठवायला नको होतं. साधी वेदनाशामक गोळी घेऊन घरी पोचल्या पोचल्या तीन-चार तास झोपायचं, वाटी लावूनच. आग सगळ्यात जास्त होते ती पहिल्या चार-सहा तासांतच, ते तास झोपेत गेले की रात्र हलकी जाते. तुम्ही घरी जाऊन आलेल्या पाहुण्यांना चहा केलात, फोडणीच्या धुरात उभ्या राहिलात, असं तुम्हीच लिहिलंय. पाहुण्यांना आम्ही अडवू शकत नाही, पण घरच्यांना आधी सांगू शकलो असतो.

सुन्न करणारे थेंब मात्र मी पुढेही देणार नाही, कितीही तारे कापा. टेबलावर आम्ही घालतो तेव्हा त्यांचा असर वीस-तीस मिनिटं टिकतो. घरी बाटली दिली की माणूस दर अर्ध्या तासाला घालतो, त्याने वरची त्वचा भरायची थांबते, आणि असे थेंब घालत राहिल्याने कॉर्नियाला जखमा होऊन नजर गेल्याचीही उदाहरणं आहेत. त्या दिवशी तुम्ही आमच्या सिस्टरला 'निर्दयी' म्हणालात. तिने बरोबर केलं.

लेकीला आठवडाभर आजीजवळ झोपवा असं लिहिलं की तुम्ही हसाल, तीन वर्षांचं पोर आईला सोडून झोपतं का! निदान तुमच्या दोघींमध्ये कुणीतरी मोठं माणूस असू द्या, किंवा तिचं डोकं तुमच्या पायाकडे. आणि हा आठवडा गळ्यातून काढायचे कपडे नकोत, पुढून बटणं असलेला गाऊन बरा. स्कूटरवर तोंडाला बांधता त्या स्टोलचंही तेच, सोडताना तो पापणीवरून खसकन ओढला जातो. मागे बसा, गॉगल लावा, स्टोल घरी ठेवा. डोक्यावरून अंघोळ आठवडाभर नको, काजळ दोन आठवडे नको, पोहणं महिनाभर नको.

दारावरच्या बोर्डावर 'दुसऱ्या दिवशी कामावर' असं लिहिलं होतं. पुष्कळजण जातातही, दिसायला लागलेलं असतं. पण रात्रभर न झोपलेल्या माणसाने सकाळी नऊला स्क्रीनसमोर बसावं, असा त्याचा अर्थ तुम्ही घेतलात, आणि बोर्ड वाचून दुसरा कुठला घेणार? तो शनिवारी उतरवला.

त्या सकाळच्या दोन मिनिटांबद्दल माफी मागतो. फ्लॅप जागेवर दिसल्यावर मला हायसं वाटलं आणि मी निघालो. तुमची भीती तिथेच खुर्चीत बसून राहिली, ती मला दिसायला हवी होती. बुधवारी सगळ्यात शेवटची वेळ तुमच्या नावाने ठेवली आहे, म्हणजे मागे रांग नसेल. तपासणीचे पैसे लागणार नाहीत. तारे बदलायची गरज नाही, आहेत तेवढे असू देत.

परवा रात्री पावणेतीनला मी घरातल्या दुसऱ्या मोबाइलवरून आमच्या नंबरला फोन लावून पाहिला. दुसऱ्या रिंगला उचलला. नाव विचारायच्या आधी सिस्टर म्हणाली, "कोणता डोळा? वाटी लावलेली आहे का?"