जुवेनलने असं म्हटलेलंच नाही: ‘ब्रेड अँड सर्कस’वाल्या फॉरवर्डला उत्तर

इलेक्शन आली की एक फॉरवर्ड हमखास फिरायला लागतो. मजकूर साधारण असा, की दोन हजार वर्षांपूर्वी रोमन कवी जुवेनलने जगाला इशारा दिला होता, सम्राटांनी लोकांना फुकट ब्रेड आणि सर्कस देऊन त्यांची मतं विकत घेतली, लोक आळशी झाले आणि त्यामुळे रोम कोसळलं. खाली कोलोसियमचा फोटो. शिकलेसवरलेले लोक हे शेअर करतात आणि मला खरंच वाईट वाटतं, कारण मूळ कविता याहून कितीतरी धारदार आहे.

आधी मतांचं बघू, सगळा घोळ तिथेच आहे. ‘ब्रेड अँड सर्कस’चं वाक्य जुवेनलच्या दहाव्या सटायरमध्ये, म्हणजे उपहासाच्या कवितेत, येतं आणि तिथे गोष्ट चालू असते सेजानसची. सेजानस म्हणजे सम्राट टायबेरिअसचा उजवा हात, इ.स. ३१ मध्ये एका दिवसात पडला आणि मारला गेला. त्याचे पुतळे दोर लावून ओढले, भट्टीत घातले, आणि जुवेनल लिहितो की अख्ख्या जगात दोन नंबरवर असलेला तो चेहरा वितळून त्याचे लोटे, घंगाळं, तवे आणि मुताची भांडी झाली. मग प्रश्न येतो, पब्लिक काय करतंय? पब्लिक नेहमीसारखंच, जिकडे नशीब तिकडे. डाव सेजानसच्या बाजूने पडला असता तर याच लोकांनी त्याच क्षणी त्याला सम्राट म्हणून डोक्यावर घेतलं असतं. आणि त्यानंतर ते वाक्य, ज्याचा आशय असा: आपण कोणालाच मतं विकेनासे झालो तेव्हापासून या लोकांनी कसलीच फिकीर ठेवली नाही, जे एकेकाळी सत्ता, पदं, सैन्य सगळं द्यायचे ते आता फक्त दोन गोष्टींची आस लावून बसलेत, ब्रेड आणि रथांच्या शर्यती (मूळातल्या ‘सर्कस’चा अर्थ हाच).

परत वाचा. मतं आधीच गेलेली आहेत. रोमन इतिहासकार टॅसिटस सांगतो की इ.स. १४ मध्ये टायबेरिअसच्या काळात अधिकाऱ्यांच्या निवडणुका लोकांकडून काढून सिनेटकडे दिल्या. म्हणजे ब्रेड देऊन मत घेतलं असं झालंच नाही, मत काढून घेतल्यावर माणसाकडे मागायला जे उरलं ते ब्रेड आणि शर्यती. फॉरवर्डने कारण आणि परिणाम सरळ उलटे केलेत. आणि जुवेनलला सम्राटांच्या आधीच्या जुन्या रिपब्लिकचंही फार कौतुक नाही, तेव्हा आपण मतं विकायचो हे तो त्याच वाक्यात सांगून टाकतो.

सम्राट लोकांना असं हाताशी धरतात हा विचार रोममध्ये होता, पण तो मांडला फ्रॉन्टो या रोमन वक्त्याने, इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात. सम्राट ट्रेजनबद्दल लिहिताना तो म्हणतो की रोमन जनता मुख्यतः धान्य आणि खेळ या दोन गोष्टींनी ताब्यात राहते. आणि हे तो ट्रेजनची स्तुती म्हणून लिहितो, हा राजा हुशार होता म्हणून!

आता फुकट ब्रेड. पहिली गोष्ट, ही स्कीम सम्राटांनी काढलेली नाही. इ.स.पू. १२३ मध्ये गायस ग्राकस या लोकनेत्याने स्वस्त धान्याचा कायदा केला, इ.स.पू. ५८ मध्ये क्लोडिअस या दुसऱ्या नेत्याने ते फुकट केलं, तेव्हा सम्राट नावाचा प्रकारच नव्हता. उलट सीझरने लाभार्थी ३ लाख २० हजारांवरून दीड लाखावर आणले आणि पहिला सम्राट ऑगस्टसच्या काळात आकडा साधारण २ लाख होता. मिळायचं काय, तर महिन्याला पाच मोडिअस गहू, म्हणजे ३३ किलोच्या आसपास, तेही रोम शहरात राहणाऱ्या प्रौढ पुरुष नागरिकाला. त्यात कुटुंब, भाडं, तेल, कपडे कसे भागतील? तयार ब्रेड वाटणं तिसऱ्या शतकात सम्राट ऑरेलियनने सुरू केलं, जुवेनलनंतर साधारण दीड शतकाने.

आणि आळशी कोण? जुवेनलचीच पाचवी सटायर घ्या, तिथे गरीब आश्रित मोठ्या माणसाकडे जेवायला जातो, मालकापुढे मऊ पांढरा ब्रेड आणि याच्यापुढे दात लागणार नाही असा बुरशी आलेला तुकडा, चुकून चांगल्या ब्रेडकडे हात गेला तर नोकर दटावतो, आणि एवढ्यासाठी हा माणूस पहाटे थंडीपावसात बायकोला सोडून पळत आलेला असतो. हा कवी गरिबांना फुकटे म्हणत होता असं म्हणणाऱ्यांनी एवढं तरी वाचावं.

रोम कोसळलं हा मुद्दा लवकर संपतो. जुवेनल लिहीत होता ट्रेजन आणि हेड्रियनच्या काळात, आणि इ.स. ११७ मध्ये साम्राज्य सगळ्यात मोठं होतं. पश्चिम रोमन साम्राज्याचा शेवट धरतात ४७६. शिवाय पूर्वेकडच्या रोमन राजधानीत, कॉन्स्टँटिनोपलमध्ये, ३३२ पासून ६१८ पर्यंत फुकट ब्रेड चालू होता, बंद पडला तो धान्य पुरवणारा इजिप्त इराणच्या हातात गेल्यामुळे, आणि ते पूर्वेचं साम्राज्य १४५३ पर्यंत टिकलं.

राहिला ‘इशारा’. जुवेनलला मनापासून चिडलेला साक्षीदार समजून वाचायची पद्धत जुनी आहे, अभ्यासक गिल्बर्ट हायटने १९५४ च्या पुस्तकात कवितांमधूनच त्याचं चरित्र उभं केलं, हद्दपारी, गरिबी, सगळं. पुढे विल्यम अँडरसन या दुसऱ्या अभ्यासकाने दाखवलं की सटायरमध्ये बोलणारा ‘मी’ हा कवी स्वतः नसतो, त्याने रचलेला असतो, नाटकातल्या पात्रासारखा. सुझाना ब्रॉन्डने १९८८ मध्ये ते पुढे नेलं, सुरुवातीचा संतापी आवाज नंतरच्या पुस्तकांत कसा बदलतो ते. हायटला हे मान्य नव्हतं, १९७४ मध्ये त्याने याविरुद्ध लेखही लिहिला, वाद खरा आहे. पण मला अँडरसनचं पटतं, आणि दहावी सटायर हा त्याचा चांगला पुरावा आहे, तिथे सुरुवातीलाच रडणारा हेराक्लिटस आणि हसणारा डेमोक्रिटस हे ग्रीक तत्त्वज्ञ समोर आणले आहेत आणि कविता हसणाऱ्याच्या बाजूने झुकते. ३६६ ओळींची कविता, विषय माणूस देवाकडे काय काय मागतो हा: सत्ता, वक्तृत्व, युद्धातला विजय, दीर्घायुष्य, रूप. सेजानस हे सत्ता मागणाऱ्याचं उदाहरण आहे, पुढे वक्ता सिसेरो येतो, सेनापती हॅनिबल येतो. ब्रेड मागणाऱ्यांच्या वाट्याला यातल्या पाचच ओळी आहेत.