पडद्यावर न आलेले श्रेय

महाराष्ट्रात एखादी जुनी अभिनेत्री हलाखीत दिवस काढत असल्याची बातमी आली, की ज्येष्ठ कलावंतांच्या मानधनाची चर्चा नव्याने सुरू होते. मानधन वाढावे आणि वेळेवर हाती पडावे, याबद्दल दुमत असण्याचे कारण नाही. मात्र त्या बाईंनी नेमके काय काम केले, याची नोंद कोणी ठेवली का, हा प्रश्न त्या चर्चेत क्वचितच येतो. लंडनला राहून ती चर्चा वाचताना मला ब्रिटिश अभिनेत्री के वॉल्श आठवतात.

१९११ साली जन्मलेल्या वॉल्श लंडनच्या रंगभूमीवर नर्तिका म्हणून उभ्या राहिल्या आणि १९३० च्या दशकात हलक्याफुलक्या चित्रपटांतून पडद्यावर आल्या. १९४० साली पुढे नामवंत दिग्दर्शक झालेल्या डेव्हिड लीन यांच्याशी त्यांचा विवाह झाला, १९४९ साली तो मोडला. त्यानंतरही त्या अनेक वर्षे काम करत राहिल्या, पण बहुधा दुय्यम भूमिकांत. आज त्यांची ओळख ‘लीन यांची एके काळची पत्नी’ एवढीच उरली आहे, आणि ती मला अन्यायाची वाटते.

लीन यांच्या १९४८ च्या ‘ऑलिव्हर ट्विस्ट’मध्ये त्यांनी नॅन्सी साकारली, हे चित्रपट पाहणाऱ्याला दिसते. त्या चित्रपटाची सुरुवात त्यांना सुचली होती, हे मात्र दिसत नाही. डिकन्सची मूळ कादंबरी थेट वर्कहाउसमधल्या, म्हणजे निराधारांच्या गरीबखान्यातल्या, ऑलिव्हरच्या जन्माने उघडते. चित्रपटात आधी वादळ येते. उघड्या माळावरून एक गरोदर बाई एकटी चालली आहे, कळ आली की ती थांबते, आणि त्याच क्षणी काटेरी फांदी वाऱ्याने ताणली जाताना दिसते. एकही संवाद नाही, तरी वेदना अंगावर येते. पटकथेचे श्रेय लीन आणि स्टॅन्ली हेन्स यांच्या नावावर आहे. लीन यांच्याच त्याआधीच्या ‘ग्रेट एक्स्पेक्टेशन्स’चा शेवट, ज्यात नायक पिप जुनाट पडदे ओरबाडून कोंदट घरात उजेड आणतो, तोही वॉल्श यांनीच लिहिला, तिथे निदान पटकथेच्या सहाय्यकांत त्यांचे नाव लागले.

म्हणजे श्रेय देण्यात ब्रिटन आपल्यापेक्षा फार उदार होता, असे नाही. फरक पुढे पडला. २००५ साली वॉल्श वारल्या, पण त्याआधी त्यांना विचारणारे भेटले होते. केव्हिन ब्राउनलो यांच्या १९९६ च्या लीनचरित्रात त्यांच्या आठवणी सविस्तर आल्या आहेत. शिवाय १९८७ पासून इथल्या चित्रपट कामगार संघटनेच्या सभासदांनी स्वयंसेवेने जुन्या सहकाऱ्यांच्या, अगदी पडद्यामागच्या कारागिरांच्याही, दीर्घ मुलाखती ध्वनिमुद्रित करण्याचे काम चालवले आहे.

आपल्याकडे फाळके यांच्या फिल्मला छिद्रे पाडणाऱ्या, ती धुणाऱ्या, उन्हात पांढरी चादर धरून उभ्या राहणाऱ्या आणि वर साऱ्या मंडळींचा स्वयंपाक सांभाळणाऱ्या सरस्वतीबाईंची गोष्ट आपण कौतुकाने सांगतो. पण त्यांच्यानंतरच्या किती जणींना कोणी समोर बसवून विचारले? पुण्यात १९६४ पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, शहरोशहरी चित्रपट शिकणारी मुले आहेत. मानधन मंजूर झालेल्या प्रत्येक कलावंताची सविस्तर मुलाखत सरकारने त्याच वर्षी ध्वनिमुद्रित करून घ्यावी, आणि तीत भूमिकांच्या यादीवर न थांबता कोणता प्रसंग कोणाला सुचला, कोणता संवाद कोणी बदलला, हेही विचारावे.