स्वार नुसता बसत नाही

हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेत २६ सप्टेंबर २०२३ रोजी भारताने ड्रेसेजचे, म्हणजे घोड्याकडून नेमक्या चाली आणि हालचाली करून घेण्याच्या प्रकाराचे, सांघिक सुवर्णपदक जिंकले आणि घोडेस्वारीतल्या सुवर्णाची १९८२पासूनची ४१ वर्षांची प्रतीक्षा संपली. अनुष अगरवाला, हृदय विपुल छेडा, दिव्यकृती सिंग आणि सुदीप्ती हजेला हे ते चार स्वार. त्यांतला हृदय आपल्या मुंबईचा. त्या आठवड्यापासून एक मेसेज आमच्या सोसायटीच्या, नातेवाइकांच्या आणि शाळेतल्या मैत्रिणींच्या ग्रुपवर फिरतो आहे आणि घोडेस्वारीची कोणतीही बातमी आली की तो पुन्हा वर येतो. त्याचे म्हणणे थोडक्यात असे: या खेळात सगळी मेहनत घोड्याची असते, स्वार नुसता बसून असतो; वरातीतली घोडीसुद्धा नाचते, तेव्हा यात विशेष ते काय; श्रीमंतांच्या मुलांनी परदेशात राहून महागडे घोडे घेतले, म्हणजे पदकेच विकत घेतली; आणि मुक्या जनावराला छळून मिळवलेल्या यशाचे कौतुक करू नये. हा मेसेज पाठवणारी माणसे माझ्या ओळखीची आणि भली आहेत, म्हणून एकेका मुद्द्याला उत्तर देते. शेवटच्या दोन मुद्द्यांत तथ्य आहे, ते मी झाकणार नाही.

पहिला मुद्दा सर्वांत जास्त पटणारा आणि सर्वांत जास्त चुकीचा आहे. मी चाळिशीला टेकल्यावर मुंबईतल्याच एका वर्गात दोन वर्षे, दर रविवारी पहाटे, घोड्यावर बसायला शिकले. बऱ्याच दिवसांपर्यंत रिकिबी काढून घेतलेल्या खोगिरावर बसायचे, शिक्षकांनी लांब दोरीवर घोडी गोल फिरवायची आणि आपण हात पसरून तोल सांभाळायचा, एवढाच धडा असे. दुडकी चाल सुरू झाली की कंबर, मांड्या आणि पोट यांचा एकेक स्नायू वेगळा दुखू लागे आणि परतताना स्टेशनचा जिना उतरताना पाय लटपटत. पण मला खरे काही शिकवले ते एका प्रसंगाने. दोरी सुटून लगाम माझ्या हाती आल्यावर ती तपकिरी घोडी प्रत्येक फेरीत फाटकापाशी आली की हळू होई आणि तबेल्याकडे मान वळवून थांबे. मी टाच मारून थकले. शिक्षक वर चढले, तेव्हा तीच घोडी त्याच वर्तुळात घड्याळाच्या काट्यासारखी फिरली. उतरल्यावर ते म्हणाले की घोडी अजिबात हट्टी नाही, ती माझेच ऐकते आहे. फाटक आले की माझी नजर तिकडे जाते, नजरेमागे खांदा वळतो, खांद्यामागे कंबर आणि बैठकीचा भार सरकतो आणि तिला तो हुकूम वाटतो. अंगावर बसलेली माशी ज्या कातडीला कळते, तिला पाठीवरच्या साठ किलो वजनाचे तसूभर सरकणे कळणार नाही, असे होत नाही.

‘मांड’ हा आपला शब्द याच गोष्टीसाठी आहे. मांड पक्की असणे म्हणजे चिकटून बसणे नव्हे. घोड्याच्या पाठीच्या प्रत्येक हेलकाव्याबरोबर जाऊनही आपल्या इच्छेशिवाय एकही खूण त्याच्यापर्यंत न पोचू देणे, म्हणजे पक्की मांड. प्रेक्षकाला स्वार स्वस्थ बसलेला दिसतो, कारण तसे दिसणे हेच त्याचे कसब आहे. त्याने हात झटकलेले किंवा पाय हापटलेले दिसले, तर परीक्षक गुण कापतात.

घोडाच सगळे करतो असे खरोखर असते, तर काय झाले असते, हे टोकियो ऑलिंपिकमध्ये जगाने पाहिले. मॉडर्न पेंटॅथलॉन या पाच प्रकारांच्या खेळात खेळाडूंना चिठ्ठी काढून अनोळखी घोडा मिळे आणि त्याच्याशी ओळख करून घ्यायला २० मिनिटे मिळत. जर्मनीची अनिका श्ल्यू घोडेस्वारीच्या टप्प्यापर्यंत पहिल्या क्रमांकावर होती. सेंट बॉय नावाच्या घोड्याने उड्या मारायला नकार दिला आणि ती थेट ३१व्या क्रमांकावर गेली. घोडा उड्यांसाठी शिकवलेलाच होता. दोघांमध्ये नाते नव्हते. पॅरिस ऑलिंपिकनंतर त्या खेळातून घोडेस्वारी काढूनच टाकण्यात आली.

आता नाते जुळलेली जोडी पाहा. बंगळुरूचा फवाद मिर्झा हा अश्ववैद्याचा मुलगा. २०१८च्या जकार्ता आशियाई स्पर्धेत सेन्यर मेडिकॉट या घोड्यावर त्याने इव्हेंटिंगचे वैयक्तिक रौप्य मिळवले आणि १९८२नंतरचे घोडेस्वारीतले ते भारताचे पहिले वैयक्तिक पदक ठरले. तीन वर्षांनी तीच जोडी टोकियो ऑलिंपिकला गेली. इव्हेंटिंगमध्ये एकाच घोड्यावर ड्रेसेज, क्रॉस-कंट्री (मोकळ्या रानातल्या अडथळ्यांवरून धाव) आणि शो जम्पिंग (रिंगणातल्या दांड्यांवरून उड्या) अशा तीन परीक्षा द्याव्या लागतात आणि गुण दंडाचे असल्यामुळे कमी असतील तितके चांगले. ड्रेसेजमध्ये फवादचा दंड २८ होता आणि तो पहिल्या दहांत होता. क्रॉस-कंट्रीत साधारण साडेचार किलोमीटरचा मार्ग ७ मिनिटे ४५ सेकंदांत पुरा करायचा होता; त्याला ८ मिनिटे १३ सेकंद लागली. त्या २८ सेकंदांचा, प्रत्येक सेकंदाला ०.४ या हिशेबाने, ११.२० दंड बसला. एकही अडथळा चुकला नव्हता, तरीही तो मागे गेला. पुढे शो जम्पिंगच्या दोन फेऱ्यांत काही दांड्या पडल्या आणि ५९.६० दंडावर तो २३वा आला.

ही २८ सेकंदे मेसेज पाठवणाऱ्यांनी जरा डोळ्यांसमोर आणावीत. भरधाव घोडा पाण्याच्या, चढउताराच्या आणि निमुळत्या अडथळ्यांवर नेताना प्रत्येक अडथळ्याआधी काही ढांगा अलीकडेच वेग आवरायचा, ढांग आखूड करायची, घोड्याचे वजन मागच्या पायांवर आणायचे आणि उडी संपताच पुन्हा सोडायचे. घोड्याने तो मार्ग आधी पाहिलेला नसतो. तो पायी चालून, वळणे मोजून, कुठे लांबचा सुरक्षित रस्ता घ्यायचा आणि कुठे जवळचा धोक्याचा, हे ठरवून ठेवलेले असते स्वाराने. तेव्हा उशीर झाला तर तो कोणाच्या निर्णयांमुळे, आणि वेळ साधली तर ती कोणाच्या?

वरातीच्या घोडीचा मुद्दा मला अधिक दुखावतो, कारण त्यात दोघांचाही अपमान आहे: त्या घोडीचा, जी बँडच्या गजरात आणि फटाक्यांत डांबरावर उभी राहते, आणि ड्रेसेजच्या घोड्याचा. मेसेजसोबत फिरणाऱ्या क्लिपमध्ये संगीत आहे, कारण ती बहुधा मुक्त रचनेची, म्हणजे फ्रीस्टाइलची असते. तिथेही घोड्याच्या चालीची लय मोजून संगीत तिला जुळवलेले असते, घोडा गाणे ऐकून पाय टाकत नाही. ज्या फेरीत भारताने सांघिक सुवर्ण जिंकले, ती नेमून दिलेल्या हालचालींची होती आणि तिला संगीत नसते. ६० मीटर लांब आणि २० मीटर रुंद रिंगणाच्या कडेला अक्षरे लावलेली असतात आणि अमुक अक्षरापाशी स्वाराचे शरीर आले की तिथेच चाल बदललेली दिसली पाहिजे. तोंडाने चुचकारून खूण करणेसुद्धा नियमात बसत नाही.

त्या फेरीतली एकच हालचाल जवळून सांगते. दौडत्या घोड्याचा प्रत्येक ढांगेत एका बाजूचा पुढचा पाय अग्रेसर असतो, उजवा किंवा डावा. चारी खूर जमिनीवरून सुटलेले असतात त्या निमिषात घोड्याने हवेतच बाजू बदलायची. दर चौथ्या ढांगेला असे पाच वेळा आणि मग दर तिसऱ्या ढांगेला पाच वेळा. स्वार मनात ढांगा मोजत असतो. टाचेचा दाब तसूभर आधी आला तर घोडा लवकर बदलतो, उशिरा आला तर पुढचे पाय बदलतात आणि मागचे तसेच राहतात, आणि वेगवेगळ्या बाजूंनी पाहणाऱ्या परीक्षकांपैकी कोणाला ना कोणाला ते दिसतेच. प्रत्येक हालचालीला शून्य ते दहा गुण आणि सगळ्यांची टक्केवारी. अनुषला ७१.०८८, हृदयला ६९.९४१ आणि दिव्यकृतीला ६८.१७६ टक्के मिळाले. त्या तिघांची बेरीज २०९.२०५. रौप्य मिळवणाऱ्या चीनची बेरीज २०४.८८२ होती. चौथ्या म्हणजे सुदीप्तीच्या गुणांची गरज पडली नाही, पण संघात ती होती म्हणून उरलेल्या तिघांपैकी एखादा चुकला असता तरी संघ उभा राहिला असता, हेही लक्षात ठेवायला हवे.

पैशाविषयी मी वाद घालणार नाही, कारण ते खरे आहे. चांगला घोडा, त्याची चंदी, नालबंद, अश्ववैद्य, मोतद्दार आणि विमानप्रवास यांचा खर्च सामान्य मुंबईकराच्या आवाक्याबाहेरचा आहे आणि फवादचा घोडाही प्रायोजकाच्या मालकीचा होता. हा खेळ थोड्याच घरांपुरता राहिला आहे, ही तक्रार रास्त आहे आणि मीही ती करते. मात्र त्यावरून ‘पदक विकत घेतले’ हा निष्कर्ष निघत नाही. टोटिलास या काळ्या घोड्याची हकीकत त्यासाठी पुरेशी आहे. नेदरलँड्सच्या एडवर्ड गालने त्याच्यावर २०१०च्या केंटकी जागतिक स्पर्धेत तीन सुवर्णपदके मिळवली आणि त्याआधी ड्रेसेजमधल्या गुणांचे विक्रमही मोडले होते. लगेच तो घोडा जर्मनीत विकला गेला. जगातला सर्वांत गाजलेला ड्रेसेजचा घोडा, उत्तम तबेला, चांगला आणि मेहनती नवा स्वार. तरीही ते दिवस परत आले नाहीत, जागतिक किंवा ऑलिंपिक सुवर्ण तर नाहीच. पैशाने घोडा आला, गाल आणि टोटिलास यांच्यामध्ये जे होते ते आले नाही.

शिवाय १९८२ साली दिल्लीत इव्हेंटिंगचे वैयक्तिक सुवर्ण जिंकणारे रघुवीर सिंग हे लष्कराच्या ६१व्या घोडदळातले होते आणि शहजादा हा त्यांचा घोडा. तेव्हा या खेळाचा भारतातला पाया श्रीमंतांच्या मुलांनी घातला, असेही म्हणता येत नाही.

परदेशात राहण्याचा मुद्दा याला जोडूनच येतो. अनुष सतराव्या वर्षी कोलकाता सोडून जर्मनीला गेला आणि हुबर्टस श्मिट यांच्याकडे राहून शिकला. त्या वयाचा मुलगा पहाटे उठून तबेला साफ करतो, घोड्याला खरारा करतो, दिवसाला अनेक घोडे फिरवतो, आणि हे काही महिने नव्हे, वर्षानुवर्षे चालते. २०२४ साली पॅरिसला ड्रेसेजमध्ये उतरलेला पहिला भारतीय तोच, ६६.४४४ टक्के मिळाले आणि अंतिम फेरी गाठता आली नाही. पदक विकत मिळत असते, तर ते त्याने पॅरिसलाच घेतले नसते का? बाहेर जाण्याचे आणखी एक कारण आहे, ज्याची आपल्याकडे फारशी चर्चा होत नाही. घोड्यांच्या रोगांविषयीच्या आंतरराष्ट्रीय नियमांमुळे भारतात वाढवलेला घोडा परदेशी स्पर्धेला नेणे फार अवघड होते. मेरठच्या लष्करी केंद्रातल्या रोगमुक्त विभागाला जागतिक पशुआरोग्य संघटनेची मान्यता मिळाली ती २०२५मध्ये. तोवर महालक्ष्मीच्या रेसकोर्सवर, जिथे १९४२पासून अमॅच्युअर रायडर्स क्लब आहे, कोणी कितीही चांगला घोडा घडवला, तरी त्याला घेऊन युरोप गाठणे सोपे नव्हते. मुंबईचे इम्तियाज अनीस २०००मध्ये सिडनी ऑलिंपिकला गेले आणि त्यानंतर इव्हेंटिंगमध्ये पुढचा भारतीय दिसायला २० वर्षांहून अधिक काळ गेला, त्याचे एक कारण हेही आहे.

छळाचा मुद्दा सर्वांत गंभीर आहे. ब्रिटनच्या शार्लट डुजार्डिन यांच्या नावावर तीन ऑलिंपिक सुवर्णपदके होती. शिकवणीदरम्यान घोड्याच्या पायांवर चाबकाचे वारंवार फटके मारतानाचा त्यांचा व्हिडिओ समोर आला आणि पॅरिसच्या तोंडावर, जुलै २०२४मध्ये, त्यांना माघार घ्यावी लागली. पुढे एक वर्षाची बंदी आणि दंड झाला. असे प्रकार होतात, मोठ्या नावांकडूनही होतात आणि त्यांना माफी असू नये. पण मेसेज म्हणतो की पदक मिळते तेच छळामुळे, आणि ते मात्र खरे नाही. घाबरलेला, दुखावलेला घोडा पाठ ताठ करतो, कान मागे टाकतो, शेपूट सतत फटकारतो, आणि हे सगळे गुणपत्रिकेत उतरते. स्पर्धेआधी अश्ववैद्य आणि परीक्षकांसमोर घोडा हाताने धरून कठीण जमिनीवर दुडक्या चालीने पळवून दाखवावा लागतो. पाय किंचित अवघडला तरी तो बाद होऊ शकतो. आणि रक्त दिसले, तर फेरी तिथेच थांबते.

हे हृदयच्या बाबतीत घडले. सुवर्णपदकानंतरच्या दिवशी, वैयक्तिक स्पर्धेच्या पात्रता फेरीत तो ७३.८८३ टक्के मिळवून सर्वांत पुढे होता आणि २८ सप्टेंबरच्या अंतिम फेरीत वैयक्तिक पदकाचा तो हक्काचा दावेदार होता. त्या फेरीत त्याच्या एमराल्ड या घोड्याच्या पुढच्या पायावर रक्त दिसले आणि त्याला बाद ठरवण्यात आले. अनुषने ७३.०३० टक्क्यांवर कांस्य मिळवले. आमच्या ग्रुपवर फिरणाऱ्या मेसेजमध्ये २६ तारखेचे छायाचित्र आहे. २८ तारखेचा उल्लेख नाही.