‘रिमॉन्स्ट्रेट’ म्हणजे निदर्शनं नव्हेत

एका लेखात ‘रिमॉन्स्ट्रेट’ (remonstrate) या इंग्रजी क्रियापदाचा अर्थ ‘निदर्शनं करणं’ असा दिलाय. तो ‘डेमॉन्स्ट्रेट’चा झाला. रिमॉन्स्ट्रेटला घोषणा, फलक काही लागत नाही. समोरच्याला गाठून, कारणं देऊन ‘हे बरोबर नाही’ असं ठासून सांगायचं. फुटबॉलच्या इंग्रजी बातम्यांत हमखास भेटतं: पेनल्टी दिली की खेळाडू रेफरीला घेरून हुज्जत घालतात, ते ‘रिमॉन्स्ट्रेटेड विथ द रेफरी’.

खरी गोची ‘विथ’ची. माणसाआधी ‘विथ’, तक्रारीच्या विषयाआधी ‘अबाउट’ किंवा ‘अगेन्स्ट’. आपण ‘त्याला सुनावलं’ म्हणतो, म्हणून सर्रास ‘रिमॉन्स्ट्रेटेड हिम’ लिहिलं जातं. साफ चूक.

‘प्रोटेस्ट’चं वेगळं. अमेरिकेत ‘प्रोटेस्ट द वॉर’ चालतं, ब्रिटनमध्ये ‘द वॉर’च्या आधी ‘अगेन्स्ट’ घालतात. आणि ‘प्रोटेस्टेड हिज इनोसन्स’ म्हणजे निर्दोषत्वाला विरोध नव्हे बरं का; आपण निर्दोष आहोत असं तो ठामपणे सांगत होता.

नाम ‘रिमॉन्स्ट्रन्स’. १६४१ साली इंग्लंडच्या संसदेने पहिल्या चार्ल्स राजापुढे गाऱ्हाण्यांची लांबलचक यादी ठेवली, ती ‘ग्रँड रिमॉन्स्ट्रन्स’. मोर्चा नव्हता तो, कलमवार लिहिलेला कागद होता.