‘महापौराने पैसे खाल्ले’ एवढ्यावर डाकारचा खटला संपत नाही

पश्चिम आफ्रिकेतल्या सेनेगलचं राजकारण निघालं की राजधानी डाकारचे माजी महापौर खलिफा साल यांच्याबद्दल ठरलेलं एक वाक्य पुढे येतं: ‘डाकारच्या या महापौराने शहराचे १८० कोटी फ्रँक खाल्ले, कोर्टात ते सिद्ध झालं, आणि शेवटी राष्ट्राध्यक्षांनीच मोठ्या मनाने त्याला सोडलं.’ या वाक्यात थोडं खरं आहे. म्हणूनच ते इतकं टिकलं. पण त्यातला एकेक तुकडा तपासला पाहिजे.

आधी एक गोष्ट. पुण्या-मुंबईच्या महापौरावरून डाकारच्या महापौराची कल्पना करू नका. आपल्याकडे महापालिकेच्या तिजोरीच्या किल्ल्या आयुक्तांकडे असतात. डाकारमध्ये कारभार महापौराच्याच हातात असतो. त्यामुळे ज्याच्याकडे डाकार, त्याच्याकडे राष्ट्राध्यक्षपदाची वाट, असं तिथे मानलं जातं.

आता ‘खाल्ले’ या शब्दाकडे येऊ. १८० कोटी सीएफए फ्रँक (हे सेनेगलचं चलन) म्हणजे तेव्हाच्या दराने साधारण वीस कोटी रुपये. ही रक्कम एकदम उचललेली नव्हती. महापालिकेत आगाऊ उचलीची एक रोकड होती. तिच्यातून महिन्याला तीन कोटी फ्रँक निघत, आणि २०११ ते २०१५ या काळातल्या उचलींची ही बेरीज आहे. हिशेबाला तांदूळ आणि बाजरीच्या खरेदीची बिलं जोडलेली असत. ती बिलं खोटी होती. हे मी मुद्दाम स्पष्ट लिहितो, कारण साल यांचे समर्थक नेमकं हेच गाळतात. सार्वजनिक पैशाला खोटी पावती जोडणं हा गुन्हाच आहे.

साल यांचं म्हणणं असं की ही रोकड मुळात ‘राजकीय निधी’ होती. गरजूंची मदत, सणावारांचा खर्च, दारात आलेल्या माणसाची नड भागवणं यासाठी ती वापरायची आणि आधीच्या महापौरांपासून तशीच चालत आलेली. न्यायालयाला हा बचाव पटला नाही. पण ३० मार्च २०१८ च्या निकालात दोषारोप कोणते टिकले ते पाहा: खोटे दस्तऐवज आणि सार्वजनिक पैशाबाबत फसवणूक. अपहार, काळा पैसा पांढरा करणं आणि टोळी करून गुन्हा करणं या आरोपांतून ते सुटले. शिक्षा पाच वर्षांची झाली आणि ती अपिलातही कायम राहिली. ‘खाल्ले’ म्हटलं की पैसे स्वतःच्या घरात नेल्याचं चित्र उभं राहतं. अपहाराचा आरोपच टिकला नसेल, तर तो शब्द वापरायचा अधिकार आपल्याला नाही.

‘कोर्टात सिद्ध झालं’ हे म्हणणाऱ्यांनी दुसऱ्या कोर्टाचंही ऐकावं. पश्चिम आफ्रिकी देशांच्या ‘इकोवास’ संघटनेच्या न्यायालयाने जून २०१८ मध्ये सांगितलं की या प्रकरणात सेनेगल सरकारने साल यांचे हक्क डावलले. वकिलाची मदत, निर्दोषत्वाचं गृहीतक, न्याय्य सुनावणी, या सगळ्यांवर बोट ठेवलं. २०१७ च्या जुलैत ते तुरुंगातून खासदार म्हणून निवडून आले होते. त्यानंतर संसदेने नोव्हेंबरात त्यांचं खासदारकीचं संरक्षण काढेपर्यंतची कोठडी मनमानी ठरली. न्यायालयाने साडेतीन कोटी फ्रँकची भरपाई सांगितली. तरी खटला थांबला नाही. अपिलाचा निकाल ३० ऑगस्टला लागला आणि दुसऱ्याच दिवशी राष्ट्राध्यक्ष माकी साल यांनी हुकूम काढून त्यांना महापौरपदावरून दूर केलं. (दोघांचं आडनाव एक असलं तरी नातं नाही.)

या घाईचं कारण मागे जाऊन शोधावं लागतं. २००९ मध्ये अब्दुलाय वाद राष्ट्राध्यक्ष असताना खलिफा साल यांनी वाद यांच्या पक्षाच्या हातून डाकार काढून घेतलं. २०१४ मध्ये माकी साल यांच्या पंतप्रधान अमिनाता तुरे स्वतः पालिका निवडणुकीत डाकारच्या ग्राँ-योफ भागातून खलिफा साल यांच्याविरुद्ध उतरल्या, हरल्या, आणि काही दिवसांतच त्यांचं पंतप्रधानपदही गेलं. २०१५ मध्ये डाकार शहर रोख्यांमधून दोन हजार कोटी फ्रँक उभे करणार होतं. फेरीवाल्यांसाठी बाजार बांधण्याचा बेत होता. सगळी तयारी झाल्यावर सरकारने तो अडवला. घनकचऱ्याचं कामही शहराच्या हातून केंद्राकडे गेलं. मार्च २०१७ मधली अटक या सगळ्यानंतरची आहे. एवढ्यावरून अटक खोटी ठरत नाही. पण तसल्याच बिलांचा हिशेब इतर किती शहरांत मागितला गेला, हा डाकारकरांचा प्रश्न मला रास्त वाटतो.

राहिला मोठ्या मनाचा मुद्दा. माफी मिळाली २९ सप्टेंबर २०१९ ला. राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक फेब्रुवारीत होऊन गेली होती. त्याआधी जानेवारीत घटना परिषदेने, शिक्षेचं कारण दाखवून, खलिफा साल यांची उमेदवारी नाकारली होती. माजी राष्ट्राध्यक्षांचे पुत्र करीम वाद यांचीही तीच गत झाली. सगळ्यात वजनदार दोन प्रतिस्पर्धी बाहेर राहिले आणि माकी साल पहिल्याच फेरीत ५८ टक्के मतांनी जिंकले. जी माफी मतदानानंतर सात महिन्यांनी येते, तिला दयाळूपणा म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

उलट बाजूने असंही ठासून सांगतात की तुरुंग नसता तर खलिफा सालच राष्ट्राध्यक्ष झाले असते. हेही मला मान्य नाही. त्यांच्याच समाजवादी पक्षाने डिसेंबर २०१७ मध्ये त्यांना काढून टाकलं होतं. पुढे कायदा बदलून त्यांचा मार्ग मोकळा झाला, आणि मार्च २०२४ मध्ये ते रिंगणात उतरले. मतं दोन टक्क्यांहून कमी पडली. तोवर तरुण मतदार ती निवडणूक जिंकलेल्या बासिरू जोमाय फाय यांच्याकडे वळला होता आणि फायही निवडणुकीच्या दहा दिवस आधीपर्यंत तुरुंगातच होते.