नाशिकचा उमेदवार, म्हणून नाशिकचंच कोर्ट?

गंगापूर रोडवरच्या अभ्यासिकांमध्ये एक मेसेज फिरतोय: ‘सरकारी भरतीत अन्याय झाला तर राहत्या जिल्ह्याच्या दिवाणी न्यायालयात दावा टाका, मॅट (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण) फक्त नोकरीत असलेल्यांसाठी.’ दोन्ही चूक.

१९८५च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्यात ‘भरती’ हा शब्द स्पष्ट आहे. त्यामुळे तलाठी किंवा पोलीस भरतीतला उमेदवारही मॅटमध्ये जाऊ शकतो. नाशिकच्या सीबीएसजवळच्या दिवाणी कोर्टात नाही. नाशिकची प्रकरणं मॅटच्या मुंबईतल्या मुख्य पीठाकडे जातात. शेजारच्या धुळे-जळगावची छत्रपती संभाजीनगरला. थेट उच्च न्यायालयही नाही, सर्वोच्च न्यायालयाच्या १९९७च्या एल. चंद्रकुमार निकालानुसार आधी न्यायाधिकरण.

पोस्टासारख्या केंद्रीय भरतीसाठी कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण. तिथे कॅटच्या १९८७च्या कार्यपद्धती नियमांतल्या नियम ६ प्रमाणे नेमणुकीचं ठिकाण किंवा दाव्याचं कारण पूर्णतः वा अंशतः कुठे घडलं, ते पाहतात. निव्वळ राहता पत्ता चालतो तो सेवेतून बाहेर पडलेल्यांना. बहुधा हाच नियम कुणीतरी अर्धवट वाचला असावा.

जिल्हा परिषद भरतीचं मात्र वेगळं: ते कर्मचारी राज्य शासनाचे नव्हेत, म्हणून मॅट नाही, उच्च न्यायालय.

आणि मुदत? अंतिम आदेशापासून साधारण एक वर्ष.